एक सेंटर फिल्डर आणि करारातलं एक कलम

बेसबॉलच्या मैदानावर एकट्या माणसाला सगळ्यात जास्त जमीन राखावी लागते ती सेंटर फिल्डरला. बॅटरपासून समोरच्या कुंपणापर्यंत 400 फुटांच्या आसपास अंतर, डावीकडे एक आणि उजवीकडे एक सहकारी, आणि त्या दोघांच्या मधलं सगळं रान त्याचं. दोघे एकाच चेंडूमागे धावले तर कुणी थांबायचं हेही तोच ठरवतो. त्यानं हाक दिली की बाकीच्यांनी बाजूला व्हायचं. क्रिकेटमध्ये सीमारेषेवरच्या क्षेत्ररक्षकानं चौकार अडवला तरी त्याला शाबासकी मिळते. इथं उंच उडालेला चेंडू जमिनीला टेकायच्या आत हातमोज्यात आला पाहिजे. टेकला की बॅटर एक, दोन, कधी तीन बेस गाठतो.

हे काम वेगवान पायांचं वाटतं, पण ते पहिल्या पावलाचं आहे. बाजूला जाणाऱ्या चेंडूचा मार्ग डोळ्यांना लगेच दिसतो. थेट आपल्या रोखानं येणारा चेंडू मात्र फसवतो. तो आधी पडणार की डोक्यावरून जाणार, हे पहिल्या क्षणी कळतच नाही. म्हणून कसलेला सेंटर फिल्डर चेंडू उडायच्या आधीच कामाला लागलेला असतो. कॅचरनं पिचरकडे कुठला चेंडू मागितला आहे, समोरचा बॅटर सहसा कुठं मारतो, वारा कुठून आहे, याचा हिशेब करून तो दोन-चार पावलं आधीच सरकतो. प्रेक्षकांच्या लक्षात सूर मारून घेतलेला झेल राहतो. जाणकार मात्र चेंडूखाली वेळेत येऊन शांतपणे उभ्या राहणाऱ्याला मानतात.

1960च्या दशकात सेंट लुइस कार्डिनल्सच्या सेंटर फिल्डमध्ये असा एक माणूस उभा असायचा. कर्ट फ्लड. उंची पाच फूट नऊ इंच, अंगकाठी सडपातळ, पाठीवर 21 क्रमांक. उत्कृष्ट क्षेत्ररक्षणासाठी दिला जाणारा गोल्ड ग्लव्ह पुरस्कार त्याला 1963 ते 1969 अशी सलग सात वर्षं मिळाला. बेसबॉलमध्ये क्षेत्ररक्षकाच्या हातून सहज होण्यासारखं काम हुकलं की अधिकृत नोंदवहीत त्याच्या नावावर ‘एरर’ लागते. 1966च्या सीझनमध्ये फ्लडनं 159 सामन्यांत क्षेत्ररक्षण केलं आणि त्याच्या नावावर एकही एरर लागली नाही. 1965च्या सप्टेंबरपासून 1967च्या जूनपर्यंत सलग 226 सामने त्यानं असे काढले. ऑगस्ट 1968मध्ये ‘स्पोर्ट्स इलस्ट्रेटेड’नं त्याला मुखपृष्ठावर घेतलं आणि बेसबॉलमधला सर्वोत्तम सेंटर फिल्डर म्हटलं. त्या काळी विली मेजसारखा दिग्गज सेंटर फिल्डर अजून खेळत होता, हे ध्यानात घेतलं की या विशेषणाचं वजन कळतं.

बॅटनंही तो कमी नव्हता. 1964मध्ये त्यानं 211 हिट मारले. नॅशनल लीगमध्ये त्या वर्षी तेवढे फक्त रॉबर्टो क्लेमेंटेचे होते. त्याची कारकिर्दीची सरासरी .293. बॅटरनं दहा संधींत तीनदा हिट मारला तरी त्याला उत्तम म्हणतात, अशा खेळात ही सरासरी मानाची आहे. तो होता त्या काळात कार्डिनल्सनी 1964 आणि 1967ची वर्ल्ड सिरीज, म्हणजे अजिंक्यपदाची मालिका, जिंकली.

एवढ्यावर थांबलं असतं तरी ती एका फार चांगल्या खेळाडूची गोष्ट झाली असती. पण मला फ्लडबद्दल लिहावंसं वाटतं ते त्यानं मैदान सोडून जे केलं त्यासाठी. आणि ते समजायचं तर त्याच्या खेळाच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत जावं लागतं.

फ्लडचा जन्म 18 जानेवारी 1938चा, टेक्ससमधल्या ह्यूस्टनचा. वाढला तो कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये. तिथल्या मॅक्लिमंड्स हायस्कूलनं फ्रँक रॉबिन्सन, व्हेडा पिन्सन आणि फ्लड असे तीन मोठे आउटफिल्डर दिले. 1956मध्ये अठराव्या वर्षी सिनसिनाटी रेड्सनं त्याला करारबद्ध केलं आणि सरावासाठी फ्लोरिडातल्या टॅम्पाला बोलावलं. गोऱ्या खेळाडूंच्या हॉटेलात तो पोहोचला, तर त्याला बाजूच्या दारानं बाहेर काढून टॅक्सीत बसवलं आणि काळ्या वस्तीतल्या एका खानावळीवजा घरी धाडलं. जॅकी रॉबिन्सननं काळ्या खेळाडूंसाठी सर्वोच्च पातळीच्या मेजर लीगचं दार उघडून नऊ वर्षं झाली होती. पण दक्षिणेतली हॉटेलं, उपाहारगृहं आणि खालच्या पातळीवरच्या मायनर लीगची गावं जिथल्या तिथंच होती.

पुढच्या वर्षी तो जॉर्जियातल्या सव्हानाच्या संघात होता. एके दिवशी लागोपाठ दोन सामने होते. पहिला संपल्यावर सगळ्यांनी घामेजलेले गणवेश काढून धुण्यासाठी एका ढिगात टाकले. फ्लडनंही टाकला. कपडे सांभाळणारा माणूस त्याच्यावर ओरडला, टोकाला खिळा असलेली लांब काठी घेऊन आला आणि फ्लडचा गणवेश त्या ढिगातून अलगद उचलून बाजूला केला. तो गणवेश गावातल्या काळ्यांच्या धोब्याकडे गेला. इतरांचे कपडे आले, ते घालून ते मैदानात उतरले. फ्लड आपले कपडे येईपर्यंत ड्रेसिंग रूममध्ये उघडा बसून राहिला. उशिरा मैदानात आला तेव्हा प्रेक्षकांच्या शिव्या खाल्ल्या त्या वेगळ्याच. एकोणीस वर्षांचा मुलगा होता तो.

त्याच वर्षीच्या डिसेंबरात तो व्हेनेझुएलामध्ये हिवाळी लीग खेळत असताना तार आली, की तुझी रवानगी सेंट लुइसला झाली आहे. बेसबॉलच्या भाषेत ‘ट्रेड’. दोन क्लब आपसांत खेळाडूंची अदलाबदल करतात. खेळाडूला विचारायची गरज नसे. यापुढे स्वतःला असं हलवू द्यायचं नाही, असं फ्लडनं तेव्हाच मनाशी ठरवलं होतं, असं त्यानं पुढे सांगितलं.

सेंट लुइसमध्ये त्याचं बस्तान बसायला वेळ लागला. सुरुवातीच्या एका मॅनेजरला काळ्या खेळाडूंविषयी आस्था नव्हती; 1961मध्ये जॉनी कीन आल्यावर फ्लडची जागा पक्की झाली. तो संघ वेगळा होता. बिल व्हाइट, बॉब गिब्सन आणि फ्लड यांनी फ्लोरिडात काळ्या खेळाडूंना वेगळं ठेवण्याविरुद्ध तोंड उघडलं, तेव्हा क्लबनं सगळ्यांच्या कुटुंबांना एकाच मोटेलमध्ये राहता येईल अशी सोय केली. मालक ऑगस्ट बुश हे बिअरच्या धंद्यातलं बडं प्रस्थ होतं, आणि या सोयीचं श्रेय त्यांना द्यायलाच हवं. फ्लड 1962मध्ये जॅकी रॉबिन्सनबरोबर मिसिसिपीतल्या जॅक्सनला नागरी हक्कांच्या सभेला गेला. 1964मध्ये, वर्ल्ड सिरीज जिंकून आल्यावर, त्यानं कॅलिफोर्नियात भाड्यानं घर घेतलं. भाडेकरू काळा आहे हे कळल्यावर मालकानं बंदूक दाखवून त्याला अडवलं. फ्लड न्यायालयात गेला, आदेश मिळवला आणि पोलिसांच्या पहाऱ्यात त्याच घरात राहायला गेला. न्यायालयाचा रस्ता त्याला तेव्हापासून माहीत होता.

1968च्या वर्ल्ड सिरीजचा सातवा आणि निर्णायक सामना, डेट्रॉइट टायगर्सविरुद्ध. सातव्या डावापर्यंत धावफलक कोरा. दोन बाद, बेसवर दोन जण, पिचर बॉब गिब्सन. जिम नॉर्थ्रपनं मारलेला चेंडू थेट सेंटर फिल्डच्या रोखानं उडाला. फ्लड आधी एक-दोन पावलं पुढे आला, मग वळला, पाय घसरला, आणि चेंडू डोक्यावरून मागे गेला. दोन धावा झाल्या, नॉर्थ्रप तिसऱ्या बेसवर पोहोचला, सामना आणि सिरीज दोन्ही गेली. नोंदवहीत एरर लागली नाही, पण फ्लडनं दोष स्वतःकडे घेतला. वर्षानुवर्षं शेकडो चेंडू अचूक हेरणाऱ्या माणसाचा नेमका हाच एक चेंडू लोकांच्या लक्षात राहिला. मला हा अन्याय वाटतो. थेट अंगावर येणारा चेंडू काय असतो हे त्या जागी उभं राहिलेल्यालाच ठाऊक.

पुढच्या सीझनसाठी त्यानं पगार वाढवून मागितला आणि भांडून 90,000 डॉलर घेतले. त्या काळी ही मोठी रक्कम होती. 1969चा सीझन संघासाठी सुमार गेला आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला फ्लडला फोन आला. त्याला, टिम मॅकार्व्हरला आणि आणखी दोघांना फिलाडेल्फिया फिलीजकडे पाठवलं होतं. बदल्यात डिक अॅलनसह तिघे आले होते. बारा वर्षं एका क्लबसाठी खेळलेल्या माणसाला क्लबच्या एका दुय्यम अधिकाऱ्याकडून हे कळलं. सेंट लुइसमध्ये त्याचं घर होतं, धंदा होता, माणसं होती. आणि फिलाडेल्फियात डिक अॅलनसारख्या काळ्या खेळाडूला काय ऐकून घ्यावं लागलं, हे लीगमध्ये सगळ्यांना माहीत होतं.

आता ते कलम. बेसबॉलमधल्या प्रत्येक खेळाडूचा करार एका वर्षाचा असे. त्यात लिहिलेलं असे, की पुढच्या वर्षाबाबत एकमत झालं नाही तर क्लब हाच करार त्याच अटींवर आणखी एक वर्ष चालू ठेवू शकेल. वाचताना साधं वाटतं. पण क्लब त्याचा अर्थ असा लावत, की ‘त्याच अटी’ म्हणजे हे मुदतवाढीचं कलमही आलंच. म्हणजे पुढच्या वर्षीही ते लागू, त्याच्या पुढच्या वर्षीही. वर्षाचा करार अशा रीतीनं जन्माचा झाला. शिवाय एका क्लबनं राखून ठेवलेल्या खेळाडूला दुसऱ्यानं हात लावायचा नाही, असं सगळ्या क्लबांचं आपसांत ठरलेलं. या ‘रिझर्व्ह क्लॉज’ची सुरुवात 1879मध्ये, प्रत्येक क्लबनं पाच खेळाडू राखायचे अशा गुपचूप समझोत्यानं झाली होती, पुढे सगळाच संघ त्यात आला. खेळाडूपुढे दोनच वाटा होत्या: सांगतील तिथं खेळा, नाहीतर बेसबॉल सोडा.

इतर कुठल्याही धंद्यात मालकांनी असं संगनमत केलं असतं तर मक्तेदारीविरोधी कायद्याखाली ते अडकले असते. बेसबॉल सुटला तो अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या 1922च्या एका निकालामुळे. न्यायमूर्ती ऑलिव्हर वेंडेल होम्स यांनी लिहिलं, की बेसबॉलचे सामने ही त्या त्या राज्यातली स्थानिक बाब आहे, त्यासाठी राज्याराज्यांतून होणारा प्रवास आनुषंगिक, म्हणून हा आंतरराज्य व्यापार नव्हे. 1953मध्ये पुन्हा प्रश्न आला, तेव्हा न्यायालय म्हणालं, बदल हवा असेल तर काँग्रेसनं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेनं, कायदा करावा. त्यानंतर मुष्टियुद्ध आणि अमेरिकन फुटबॉल यांना मात्र त्याच न्यायालयानं ही सूट नाकारली. 1969पर्यंत बेसबॉलचे सामने देशभर टीव्हीवर दिसत होते, जाहिरातींचा पैसा येत होता, आणि तरी कायद्याच्या लेखी तो व्यापार नव्हता!

फ्लड मार्विन मिलरना भेटला. मिलर पोलाद कामगारांच्या संघटनेत अर्थतज्ज्ञ होते आणि 1966पासून बेसबॉल खेळाडूंच्या संघटनेचे प्रमुख. त्यांनी फ्लडला चढवलं नाही, उलट घाबरवलंच. खटला जिंकायची आशा जवळजवळ नाही. जिंकलास तरी तोवर तुझं खेळायचं वय उलटलेलं असेल. मालक तुला पुढे कधी कोच किंवा मॅनेजर होऊ देणार नाहीत. फ्लडनं एवढंच विचारलं, की याचा पुढच्या खेळाडूंना फायदा होईल का. होईल, असं मिलर म्हणाले, आणि तेवढं त्याला पुरलं. डिसेंबरमध्ये पोर्तो रिकोतल्या सान ह्वानला संघटनेच्या प्रतिनिधींची बैठक झाली. तिथं त्याला विचारलं गेलं, की तू काळा आहेस म्हणून हे करतोयस का. काळा असल्यानं मी जास्त संवेदनशील आहे, पण प्रश्न प्रत्येक खेळाडूचा आहे, अशा अर्थाचं उत्तर त्यानं दिलं. प्रतिनिधींनी एकमतानं खटल्याचा खर्च उचलायचं ठरवलं.

24 डिसेंबर 1969 रोजी फ्लडनं बेसबॉलचे कमिशनर बोवी कून यांना पत्र लिहिलं. पत्र छोटं आणि सभ्य आहे. बारा वर्षं मेजर लीगमध्ये काढल्यावर आपण कुणाच्याही मर्जीनं विकत घ्यायची आणि विकायची वस्तू आहोत असं आपल्याला वाटत नाही. फिलाडेल्फियाचा प्रस्ताव आला आहे, पण इतर क्लबांचे प्रस्तावही विचारात घ्यायचा आपल्याला हक्क आहे. तेव्हा आपण उपलब्ध असल्याचं सगळ्या क्लबांना कळवावं. कून यांनी उत्तर दिलं, की तू माणूस आहेस हे मान्य, पण त्याचा इथं संबंध काय? त्यानंतर एका टीव्ही मुलाखतीत फ्लडला विचारलं गेलं, की वर्षाला 90,000 डॉलर मिळवणाऱ्यानं गुलामीची भाषा करावी का. चांगला पगार मिळणारा गुलामही गुलामच, असं तो म्हणाला. हे वाक्य त्याला महागात पडलं. पैसेवाल्या खेळाडूची कृतघ्नता म्हणून वर्तमानपत्रांनी त्याला झोडपलं. मला तो बरोबर वाटतो, आणि पगाराचा आकडा इथं गैरलागू वाटतो. तो किंमत वाढवून मागत नव्हता. फिलाडेल्फिया त्याला सुमारे एक लाख डॉलर द्यायला तयार होतं. त्याला फक्त विचारलं जायला हवं होतं.

जानेवारी 1970मध्ये दावा दाखल झाला, मे महिन्यात न्यूयॉर्कमध्ये सुनावणी. जॅकी रॉबिन्सन त्याच्या बाजूनं साक्षीला आले; मधुमेहानं खंगलेले, केस पांढरे झालेले. जुन्या काळचे हँक ग्रीनबर्ग आले. त्या वेळी खेळत असलेला एकही खेळाडू प्रेक्षक म्हणूनसुद्धा आला नाही. ज्यांच्यासाठी हे चाललं होतं तेच घरी बसले. काही नामवंतांनी तर उघड विरोध केला. भीती खरी होती, पगार क्लबच्या हातात होता, हे सगळं मान्य करूनही मला ही रिकामी बाकं या साऱ्या प्रकरणातली सगळ्यात वाईट गोष्ट वाटते.

जिल्हा न्यायालयात फ्लड हरला, अपिलात हरला. 1972च्या मार्चमध्ये प्रकरण सर्वोच्च न्यायालयात उभं राहिलं. फ्लडचे वकील आर्थर गोल्डबर्ग एकेकाळी त्याच न्यायालयात न्यायमूर्ती होते, पण त्यांचा युक्तिवाद त्या दिवशी फार फसला. 19 जूनला निकाल लागला: पाच विरुद्ध तीन, फ्लडच्या विरोधात. न्यायमूर्ती लुइस पॉवेल यांच्याकडे बुश यांच्या कंपनीचे शेअर असल्यानं ते बाजूला राहिले. हॅरी ब्लॅकमन यांनी लिहिलेला बहुमताचा निकाल वाचण्यासारखा आहे. सुरुवातीला बेसबॉलचा गौरवशाली इतिहास आणि ऐंशीहून अधिक जुन्या खेळाडूंची नावं, मग ही सूट विसंगत आहे याची स्पष्ट कबुली, आणि शेवटी ती तशीच ठेवणं. चूक दिसते आहे, पण जुनी आहे, म्हणून काँग्रेसनंच ती सुधारावी!

तोवर फ्लड संपला होता. 1970चा अख्खा सीझन तो खेळला नाही. काही काळ कोपनहेगनमध्ये जाऊन राहिला. कर्ज वाढलं, दारू वाढली. 1971मध्ये वॉशिंग्टन सेनेटर्सनी 1,10,000 डॉलर देऊ केले आणि पैशाच्या अडचणीमुळे तो परतला. पण वर्षभर न खेळलेलं शरीर साथ देईना. तेरा सामने, 35 वेळा बॅटिंग, सात हिट. ज्या पहिल्या पावलावर त्याचं सगळं कौशल्य उभं होतं ते पाऊल आता उशिरा पडत होतं. एप्रिलच्या अखेरीस त्यानं मालकाला तार केली आणि विमानानं देश सोडला. स्पेनच्या मयोर्का बेटावर त्यानं बार चालवला. काही वर्षांनी ओकलंडला परत आला तेव्हा त्याचं वय चाळिशीच्या आत होतं आणि हाती काही नव्हतं.

पण खटल्यानं एक गोष्ट केली होती. मालकांनी न्यायालयात वारंवार म्हटलं होतं, की हा प्रश्न संघटनेशी वाटाघाटी करून सोडवायचा आहे. मिलरनी ते शब्द धरून ठेवले. 1970च्या सामूहिक करारात त्यांनी तक्रारींसाठी तटस्थ लवाद पदरात पाडून घेतला होता. 1973च्या करारात आणखी एक तरतूद आली: मेजर लीगमध्ये दहा वर्षं आणि त्यातली शेवटची पाच एकाच क्लबमध्ये काढलेल्या खेळाडूला ट्रेड नाकारता येईल. 1969चा फ्लड या नियमात बसला असता.

मग 1975मध्ये लॉस एंजलिसचा अँडी मेसरस्मिथ आणि माँट्रियलचा डेव्ह मॅकनॅली यांनी नव्या करारावर सही केली नाही. वाढीव वर्ष संपलं, आता आम्ही मोकळे, असं म्हणत ते लवादाकडे गेले. लवाद पीटर साइट्झ यांनी ते कलम जसं लिहिलं होतं तसं वाचलं: एक वर्ष म्हणजे एकच वर्ष. निकालाची तारीख 23 डिसेंबर 1975. मालकांनी साइट्झना ताबडतोब काढून टाकलं, न्यायालयात गेले आणि हरले. जवळजवळ शंभर वर्षांची व्यवस्था एका शब्दाच्या सरळ अर्थानं मोडली. 1976च्या करारात ठरलं, की सहा वर्षं मेजर लीगमध्ये काढली की खेळाडू मुक्त. 1970मध्ये खेळाडूंचा सरासरी पगार 29,000 डॉलरच्या आसपास होता. 1980मध्ये तो 1,40,000च्या पुढे गेला.

फ्लडला यातलं काही मिळालं नाही. 1978मध्ये ओकलंडच्या क्लबसाठी त्यानं काही काळ रेडिओवर समालोचन केलं, नंतर दारू सोडली, संसार पुन्हा मांडला. 1994मध्ये संपाच्या काळात अटलांटाला खेळाडूंच्या बैठकीत तो बोलायला उभा राहिला. समोर बसलेल्यांतल्या अनेकांनी त्याला खेळताना पाहिलंच नव्हतं. ते सगळे उठून उभे राहिले. 20 जानेवारी 1997 रोजी घशाच्या कर्करोगानं तो लॉस एंजलिसमध्ये वारला. वय 59. मार्विन मिलर 2021मध्ये बेसबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये समारंभपूर्वक सामील झाले. फ्लडला मात्र निवड करणाऱ्यांनी कधीच पुरेशी मतं दिली नाहीत. नुसती सरासरी आणि होम रन मोजली तर त्यांचं म्हणणं समजतं. पण ते तेवढंच का मोजतात, हे मला समजत नाही.

1998मध्ये काँग्रेसनं कर्ट फ्लड कायदा केला आणि राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांनी त्यावर सही केली. मेजर लीगच्या खेळाडूंना नोकरीच्या बाबतीत मक्तेदारीविरोधी कायद्याचं संरक्षण मिळालं. क्लबांचं स्थलांतर आणि मायनर लीग या कायद्यातून मुद्दाम वगळली गेली, आणि होम्स यांचा 1922चा निकाल सर्वोच्च न्यायालयानं आजवर उलटवलेला नाही. बसनं गावोगाव फिरत तुटपुंज्या पैशात खेळणाऱ्या मायनर लीगच्या मुलांना खेळाडूंच्या संघटनेत जागा मिळाली ती 2022मध्ये, आणि त्यांचा पहिला सामूहिक करार झाला 2023मध्ये.